चौलचा 'च'

चौल. लिहायला दोन अक्षरे, उच्चारायला अर्धा श्वासही लागत नाही. अलिबागहून दक्षिणेला निघाले, नागाव मागे पडले की नारळी-पोफळीच्या वाड्या दाट होत जातात आणि त्या वाड्यांतच चौल कुठेतरी सुरू होते, कुठेतरी संपते आणि रेवदंडा लागते. बंदर म्हणावे असे काही नजरेत भरत नाही. कुंडलिकेच्या मुखाशी गाळ साचत गेला, जहाजे मोठी होत गेली, व्यापार मुंबईकडे सरकला आणि एके काळी बसरा-बगदादची माणसे जिथे घरे करून राहिली ते शहर सुपारीच्या बागांचे गाव झाले.

चौलच्या इतिहासात लढाया पुष्कळ आहेत, त्यांच्यावर लिहिलेलेही पुष्कळ आहे. मला त्या लढायांपेक्षा गावाच्या नावाचे कुतूहल अधिक. कोकणात जुनी बंदरे बरीच, पण इतक्या परक्या लोकांनी इतक्या लिप्यांत लिहून ठेवलेले नाव दुसरे क्वचितच सापडेल. ग्रीकांनी लिहिले, अरबांनी लिहिले, एका रशियनाने लिहिले, इटालियनांनी आणि पोर्तुगिजांनी लिहिले. जवळजवळ प्रत्येकाने ते चुकवले. पण या चुका अशा शिस्तीच्या आहेत की चुकीवरून चुकणाऱ्याची भाषा ओळखावी.

पहिला साक्षीदार टॉलेमी. हा गृहस्थ दुसऱ्या शतकाच्या मध्याला इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियात बसून जगाचा भूगोल लिहीत होता. अरबस्तानातून समुद्र ओलांडून हिंदुस्थानच्या ज्या पेठेत व्यापारी उतरत तिचे नाव त्याने 'सिमुल्ला' असे दिले. इथवर नवल नाही. त्याच्या आधी शंभरेक वर्षे 'पेरिप्लस' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या खलाशी माहितीपुस्तकात कल्याणच्या पुढची पेठ म्हणून 'सेमुल्ला' आलेले आहेच. टॉलेमीची गंमत पुढे आहे. तिकडे जाऊन-येऊन असलेल्या माणसांकडून त्याने चौकशी केली आणि नोंद करून ठेवली, की तिथले रहिवासी आपल्या गावाला 'तिमुला' म्हणतात. म्हणजे चौलच्या नावाची शब्दचर्चा अठराशे वर्षांपूर्वीच सुरू झाली होती आणि ती सुरू करणाऱ्याने चौल पाहिलेसुद्धा नव्हते.

आता 'सि' आणि 'ति' यांतले खरे कोणते? दोन्ही खोटे आणि दोन्ही खरे. ग्रीकांच्या वर्णमालेत 'च' नाही. तोंडात जो आवाज नाही तो ऐकू आला की माणूस शेजारचा आवाज उचलतो. कुणाला तो 'स'सारखा ऐकू येतो, कुणाला 'त'सारखा. चंद्रगुप्ताचे ग्रीकांनी 'सांद्रोकोत्तोस' केले, तिथे 'च'चा 'स' झाला. उज्जैनचा क्षत्रप चष्टन टॉलेमीच्याच पुस्तकात 'तिआस्तनेस' या नावाने येतो, तिथे त्याच 'च'चा 'ति' झाला. हे दोन दाखले शेजारी ठेवले की सिमुल्ला आणि तिमुला यांचे भांडण मिटते. दोघांच्या मधोमध उभा आहे तो 'च'. टॉलेमीला दोन वेगवेगळी नावे मिळाली नव्हती. एकच नाव दोन कानांनी ऐकलेले होते. आपल्या मराठीत तर चाकातला 'च' वेगळा आणि चिवड्यातला 'च' वेगळा. बाहेरून आलेला माणूस आजही त्यात अडखळतो, मग त्या ग्रीक खलाशांना का हसावे?

सहाव्या शतकात कॉस्मस नावाचा व्यापारी, पुढे साधू झालेला, हिंदी बंदरांची यादी देतो. तिच्यात कल्याणनंतर 'सिबोर' आहे. बहुतेक अभ्यासकांच्या मते ते चौलच. 'म'चा 'ब' आणि 'ल'चा 'र' झाला खरा, पण पहिले अक्षर पुन्हा 'स'च.

मग अरब आले. त्यांनी नाव लिहिले 'सैमूर'. अरबी लिपीतही 'च' नाही. पण अरबांची चूक ग्रीकांसारखी डळमळीत नाही. ते दर वेळी एकाच खोबणीत पडतात. चीनला ते 'सीन' म्हणतात, चंदनाला 'संदल'. त्यांच्या नियमाने 'चेमूल'चे 'सैमूर' होणे ठरलेलेच होते. शेवटच्या 'ल'चा 'र' कसा झाला याचे फार आश्चर्य नको. चंदनातल्या शेवटच्या 'न'चाही त्यांनी 'ल' केलाच आहे. अकराव्या शतकात अल्-बेरुनी तेवढा वेगळा पडतो. तो 'जीमूर' लिहितो. त्याने पंडितांजवळ बसून संस्कृत शिकलेले होते. मूळ आवाज 'स' नव्हे हे त्याच्या कानाला कळत असणार, आणि अरबी अक्षरांत 'च'ला सर्वांत जवळचा म्हणून त्याने 'ज' घेतला. शिकलेल्या माणसाची चूक ही अशी असते.

सैमूरमध्ये प्रत्यक्ष येऊन गेलेला मोठा लेखक म्हणजे अल्-मसूदी. तो हिजरी ३०४ मध्ये, म्हणजे इसवी सन ९१६-१७ च्या सुमारास इथे होता. मुलूख 'बलहरा'चा, असे तो म्हणतो. हा बलहरा म्हणजे वल्लभराज, राष्ट्रकूट सम्राटांचे बिरुद. त्याच्या वतीने इथे राज्य करणारा झंझ, हा आपला उत्तर कोकणचा शिलाहार. मसूदीच्या म्हणण्याप्रमाणे सैमूरमध्ये दहा हजारांच्या आसपास मुसलमान राहत. कुणी सिराफचे, कुणी ओमानचे, कुणी बसऱ्याचे, कुणी बगदादचे. यांच्याखेरीज 'बयासिरा', म्हणजे इथेच जन्मलेले मुसलमान. या सगळ्यांचे तंटे सोडवायला राजाने त्यांच्यातलाच एक प्रमुख नेमलेला असे. त्याच्या हुद्द्याचे नाव मसूदी देतो 'हुनरमन'. हा फारसी 'हुनरमंद' आहे असे मानतात. 'हुनर' म्हणजे कौशल्य, कसब. आपण ज्याला हुन्नर म्हणतो, हुन्नरी माणूस म्हणतो, तोच हा शब्द. आज मराठीत हुन्नरी माणूस बिघडलेला पंप दुरुस्त करतो. दहाव्या शतकात चौलचा हुनरमन न्यायनिवाडा करी. हिंदू राजाच्या राज्यात, अरबी बोलणाऱ्या वस्तीसाठी, फारसी नावाचा न्यायाधीश: बंदराचा कारभार कसा चाले हे समजायला एवढा एक हुद्दा पुरेसा आहे.

जाता जाता चेंबूरचीही दखल घेतली पाहिजे. 'सैमूर' ऐकले की मुंबईकराला चौल आठवत नाही, चेंबूर आठवते, आणि काही अभ्यासकांनी तसा तर्क केलाही होता. पण नुसत्या आवाजाच्या सारखेपणावर गावे ठरवू नयेत. पेरिप्लसची यादी उत्तरेकडून दक्षिणेकडे उतरत जाते. कल्याण संपले, की सेमुल्ला आणि मग पुढची कोकणची बंदरे. क्रम चौलच्या बाजूने आहे.

एवढा वेळ परक्यांचे ऐकले, आता घरचे पाहू. कान्हेरीच्या लेण्यांत इसवी सनाच्या पहिल्या शतकांतले जे दानलेख आहेत त्यांत 'चेमुल'च्या रहिवाशांची दाने नोंदलेली आहेत. म्हणजे ग्रीकांनी ज्याचे 'सि' आणि 'ति' केले तो 'च' इथे दगडावर शाबूत आहे. पुढे शिलाहार अनंतदेवाचा खारेपाटणला सापडलेला ताम्रपट, शके १०१६ चा. त्यात दोन श्रेष्ठींना स्थानक, नागपूर, शूर्पारक, चेमूल्य या बंदरांवरची जकात माफ केलेली आहे. स्थानक म्हणजे ठाणे, शूर्पारक म्हणजे सोपारे, आणि हे नागपूर अर्थातच विदर्भातले नव्हे, कोकणातले.

'चेमुल'पासून 'चौल'पर्यंतचा रस्ता मराठीच्या जाणकाराला ओळखीचा वाटेल. शब्दाच्या पोटातला 'म' मराठीत विरघळतो आणि त्याचा 'व' होतो. ग्रामचे गाव, नामचे नाव, कोमलचे कोवळा, श्यामलचे सावळा, आमलकाचा आवळा. त्याच न्यायाने 'चेमुल'चे 'चेवुल' आणि मग 'चेऊल'. इथपर्यंत सरळ आहे. पण वरच्या शब्दांकडे पुन्हा एकदा पाहा. कोवळा, सावळा, आवळा: तिन्हींत 'ल'चा 'ळ' झालेला आहे. दोन स्वरांमध्ये सापडलेला एकटा 'ल' मराठीत 'ळ' होतो, हा जवळपास कायदाच आहे. फल-फळ, काल-काळ, देवकुल-देऊळ. मग 'चेमुल'चे 'चेऊळ' का झाले नाही?

याचे उत्तर टॉलेमीने दिलेले आहे, त्याला स्वतःला ते माहीत नसले तरी. त्याच्या आणि पेरिप्लसच्या ग्रीक लेखनात 'सिमुल्ला', 'सेमुल्ला' असा जोड 'ल' आहे. आणि ताम्रपटात 'चेमूल्य', म्हणजे पुन्हा जोडाक्षर. मराठीत 'ळ' होतो तो एकट्या 'ल'चा. जोडीने आलेला 'ल' वाचतो: मूल्यचे मोल, कल्यचे काल, बिल्वचे बेल, फुल्लचे फूल, चुल्लीची चूल. यांपैकी कशाचाही 'ळ' झाला नाही. तेव्हा गावाच्या मूळ नावात 'ल' दुहेरी होता असे मी तरी धरून चालतो. कान्हेरीच्या लेखांवर यासाठी फार भार टाकता येत नाही, कारण त्या काळच्या ब्राह्मी प्राकृत लेखांत जोडाक्षर एकेरी लिहिण्याचीच रीत होती. गावच्या लोकांनी कोरताना जे गाळले ते एका परक्या भूगोलकाराने टिपून ठेवले.

'म' जाऊन 'व' केव्हा आला, हेही परक्यांच्याच चुकांवरून अंदाजता येते. दहाव्या शतकात मसूदीला 'म' ऐकू येतो, अकराव्यात बेरुनीलाही. ताम्रपटाची साक्ष इथे कामाची नाही. ताम्रपट लिहिणारे लोक जुनी, भारदस्त रूपे सोडत नसत. मग १४६९ च्या सुमारास होर्मुझहून घोडा घेऊन एक रशियन व्यापारी येतो, अफनासी निकितीन. त्याने उतरलेल्या गावाचे नाव 'चिविल' असे लिहिले. रशियन भाषेत 'च' आहे, त्यामुळे या पाहुण्याने पहिले अक्षर न अडखळता घेतले. आणि मधे 'म' नाही, 'व' आहे. त्यानंतर पन्नास वर्षांच्या आत इटालियन वार्थेमा 'चेवुल' लिहितो, पोर्तुगीज बार्बोसा 'चेउल'. थोडक्यात, ज्ञानेश्वर-नामदेवांच्या मागेपुढे कधीतरी या गावाच्या तोंडातून 'म' सुटला. निकितीनच्या घोड्याचे पुढे काय झाले ते मात्र सांगितल्याशिवाय राहवत नाही: जुन्नरच्या खानाने तो जप्त केला आणि धर्म बदललास तर परत देईन म्हणाला. निकितीनने धर्म बदलला नाही, घोडा मात्र मध्यस्थीने परत मिळवला. त्याचे स्मारक आज रेवदंड्यात आहे.

शिवकालीन आणि पेशवेकालीन कागदांत नाव बहुधा 'चेऊल' असेच येते. मग आज आपण 'चौल' का म्हणतो? ए आणि ऊ एकत्र आले की मराठीत त्यांचा 'औ' होतोच असे नाही. देऊळ देऊळच राहिले, त्याचे कुणी 'दौळ' केले नाही. माझा तर्क असा, की इथे कागदाने बोलण्यावर मात केली. पोर्तुगिजांनी स्वतःच्या सवयीने नाव 'Chaul' या अक्षरांत पक्के केले, म्हणजे 'च' नंतर 'अ' आणि 'उ' लिहिले, नकाशांवर तेच उमटले, इंग्रजांनी ते जसेच्या तसे उचलले, आणि इंग्रजी अमदानीतल्या दप्तरातून ते मराठीत 'चौल' होऊन परतले. कुणी म्हणेल की 'चेऊल' जलद बोलले की 'च्यौल' आणि मग 'चौल' आपोआप होते. होऊ शकते. पण मग देवळाने काय घोडे मारले होते?

गावाला याखेरीज दोन भारदस्त नावेही आहेत. चौलला चंपावती म्हणतात आणि रेवदंड्याला रेवतीक्षेत्र. चंपावती नावापासून चौल निघाले असे हौसेने सांगणारे भेटतात. त्यांना विचारावे, की चंपकाचा चाफा झाला तो कोणत्या वाटेने? त्या वाटेवर 'प' कुठे नाहीसा होत नाही आणि 'ल' कुठून उगवत नाही. चंपावतीपासून चौल निघणे शक्यच नाही. उलट चौल आधी होते आणि पुराणात शोभेल असे नाव त्याला मागाहून दिले गेले. आपल्याकडे अनेक गावांनी असे बारसे दुसऱ्यांदा करून घेतलेले आहे. रेवतीचे तसेच. रेवती ही बलरामाची पत्नी. पण कोकणच्या किनाऱ्यावर राहणाऱ्याला 'रेव' म्हणजे बारीक वाळू आणि 'दांडा' म्हणजे समुद्रात किंवा खाडीत लांब शिरलेली जमिनीची पट्टी, हे शब्द रोजचे आहेत. रेवदंडा खाडीच्या मुखाशी वाळूवरच वसलेले आहे. मला इथे बलरामाला त्रास देण्याची गरज वाटत नाही. रेवदंड्याच्या कोटाला 'आगरकोट' म्हणतात त्यातला 'आगर'ही असाच मातीतला: नारळ-पोफळीचे आगर, मिठागर, आणि त्यांवर राबणारे आगरी.

ताम्रपटात बंदराला जो शब्द आहे तो 'वेलाकूल'. वेला म्हणजे भरती-ओहोटीची रेघ, कूल म्हणजे काठ. गुजरातेतल्या वेरावळच्या नावात तो दडलेला आहे असे म्हणतात. मराठीने मात्र तो टाकून दिला आणि फारसी 'बंदर' घेतला. एकटा बंदरच नव्हे, जहाजावरचे निम्मे शब्द असे समुद्रावरून चालत आलेले आहेत. 'सुकाणू' अरबी, 'खलाशी' अरबी, 'मोसम'ही अरबी. हा मोसम म्हणजे मुळात ठरावीक वेळ, वारा फिरून जहाजे सुटण्याची. 'सारंग' फारसी 'सरहंग'वरून, म्हणजे तुकडीचा म्होरक्या. कोळ्यांच्या तोंडचा 'नाखवा' हा फारसी 'नाखुदा': 'नाव' अधिक 'खुदा', नावेचा धनी. यातली 'नाव' ही आपल्या नौकेची सख्खी बहीण असल्यामुळे शब्द अर्धा परका आणि अर्धा घरचाच. कोकणी मुसलमानांत तर नाखुदा हे आडनावही आहे.

या सगळ्यांत मला सर्वांत आवडतो तो 'नांगर'. शेतकऱ्याचा नांगर संस्कृत 'लांगल'पासून आला. आरंभीच्या 'ल'चा 'न' झाला. जहाज उभे करण्याचा जो लोखंडी आकडा, त्याला फारसीत 'लंगर' म्हणतात, हिंदीतही लंगरच. मराठीत तो 'नांगर' आहे. किनाऱ्यावरच्या माणसाला 'लंगर' ऐकू आला असेल तेव्हा त्याच्या घरात आधीच एक लोखंडी फाळाचा, जमिनीत रुतणारा नांगर होता. त्याने नव्या वस्तूला जुन्या वस्तूच्या नावाखाली घेतले. त्यामुळे 'नांगर टाकला' म्हटले की कोकणात विचारावे लागते, शेतात की खाडीत. कोकणातला माणूस चार महिने शेती आणि आठ महिने दर्या करीत आला, तेव्हा त्याची फारशी पंचाईत झाली नसावी.

पोर्तुगिजांचे चौलवर येणे रक्ताने झाले. १५०८ च्या मार्च महिन्यात कुंडलिकेच्या मुखाशी इजिप्तचे आरमार आणि दीवचा मलिक अयाज यांनी मिळून पोर्तुगीज गलबतांना गाठले. व्हाइसरॉयचा मुलगा लोरेन्सो द अल्मेइदा तिथे मारला गेला. बापाने पुढल्या वर्षी दीवला सूड घेतला. १५२१ मध्ये निजामशहाच्या परवानगीने पोर्तुगिजांनी रेवदंड्याला गढी बांधायला घेतली, आणि तेव्हापासून चौले दोन झाली. पोर्तुगीज कागदांत एक 'वरचे चौल', म्हणजे निजामशाहीतले, मुसलमान आणि हिंदू व्यापाऱ्यांचे. दुसरे 'खालचे चौल', त्यांचे स्वतःचे. आपण आज रेवदंडा म्हणतो ते हे खालचे. १५७०-७१ मध्ये मुर्तजा निजामशहाने याच खालच्या चौलला वेढा घातला आणि तो फसला. १५९४ मध्ये पोर्तुगिजांनी खाडीपलीकडचा कोर्लईचा डोंगरही घेतला. १७३९ मध्ये वसई पडल्यावर सारा डाव उलटला आणि १७४० च्या तहाने चौल व कोर्लई मराठ्यांकडे आले.

या दोनशे वर्षांच्या शेजाराचा हिशेब शब्दांत मांडला तर मराठीच्या बाजूला पुष्कळ जमा दिसते. पाव, पगार, चावी, घमेले, बिजागरी, काडतूस, नाताळ. गोवा, वसई आणि चौल या तिन्ही दारांनी हे शब्द आत आले. कोणता कोणत्या दाराने, हे वेगळे काढण्यात अर्थ नाही. 'तुरुंग' मुळात लाकडाचा ओंडका, ज्यात कैद्याचे पाय अडकवीत. ओंडका गेला, भिंती आल्या, शब्द टिकला. 'लिलाव' पोर्तुगीजच, पण पोर्तुगिजांनी तो अरबांकडून उचललेला. म्हणजे ज्या अरबांचा व्यापार मोडायला ते इथवर आले त्यांच्याच शब्दाने ते इथे माल विकीत होते. आपले 'आरमार' त्यांच्या 'आर्मादा'चे. आंग्र्यांनी त्याच शब्दाखाली जहाजे जमवून त्यांना जेरीस आणले.

लोकांना दिलेली नावे तर याहून बोलकी आहेत. पोर्तुगिजांना आपण 'फिरंगी' म्हटले, आणि तो शब्द अरब-इराण्यांचा. 'फ्रँक' लोकांवरून निघालेला, धर्मयुद्धांच्या काळापासून सगळ्या युरोपियनांना चिकटलेला. पोर्तुगीज इथे पोहोचायच्या आधी त्यांचे नाव त्यांच्या शत्रूंनी पोहोचते केले होते. त्यानंतर आलेल्यांची नावे मात्र आपण पोर्तुगिजांच्या तोंडून शिकलो: 'इंग्लेझ'वरून इंग्रज, 'ओलांदेझ'वरून वलंदेज, म्हणजे डच. एका पाहुण्याने दुसऱ्या पाहुण्याची ओळख करून द्यावी तसे.

या किनाऱ्यावरची आणखी एक वस्ती नावांच्या दृष्टीने फार महत्त्वाची आहे, ती बेने इस्रायलांची. त्यांची परंपरा सांगते की नवगावजवळ जहाज फुटले आणि त्यातून वाचलेल्या सात जोडप्यांचे ते वंशज. तेलाचे घाणे चालवीत, शनिवारी बैल जुंपीत नसत, म्हणून गावाने त्यांना 'शनवार तेली' म्हटले. या नावात हेटाळणी नाही, निरीक्षण आहे. आडनावे त्यांनी कोकणी रीतीने गावांवरून घेतली: नवगावकर, पेणकर, रोहेकर, किहीमवरून केहिमकर, आणि चेऊलकर. हिंदी चित्रपटांतला डेव्हिड जुन्या प्रेक्षकांना आठवत असेल, 'बूट पॉलिश'मधला जॉनचाचा. त्याचे पूर्ण नाव डेव्हिड अब्राहम चेऊलकर. गावाने 'चौल' धरले, पण ज्यांनी गाव सोडले त्यांच्या आडनावात 'चेऊल' तसाच राहिला. बाहेर पडलेल्या माणसांजवळ जुनी रूपे टिकतात, हा भाषांचा नेहमीचा अनुभव आहे. इस्रायलमध्ये जाऊन राहिलेल्या या समाजाने तिथे मराठी नियतकालिक काढले, त्याचे नाव 'मायबोली'. रेवदंड्याचे सिनेगॉग अजून उभे आहे.

आणि खाडीपलीकडे कोर्लई. १७४० मध्ये पोर्तुगीज सत्ता गेली, सैनिक गेले, पण डोंगराच्या पायथ्याचे ख्रिस्ती गाव तिथेच राहिले, आणि त्याची बोलीही. ते तिला 'नॉ लिंग' म्हणतात, म्हणजे 'आपली भाषा'. बोलणारे हजाराच्या आतबाहेर. क्लेमेंट्स या भाषाशास्त्रज्ञाने तिच्यावर अख्खा ग्रंथ लिहिला आहे. गोवा दूर, आजूबाजूला सगळी मराठी, शाळा मराठी, बाजार मराठी. अडीचशे वर्षांत या बोलीचे झाले ते असे, की शब्द पोर्तुगीज राहिले आणि वाक्याची बैठक मराठी झाली. पोर्तुगीज वाक्यात क्रियापद कर्त्यामागून लगेच येते आणि कर्म शेवटी. कोर्लईत ते आपल्यासारखे वाक्याच्या शेवटी जाऊन बसू लागले. लिस्बनच्या माणसाला कोर्लईतले शब्द ओळखीचे वाटतील, पण वाक्य कुठे चालले आहे ते कळणार नाही. रेवदंड्याच्या माणसाचे नेमके उलटे होईल: शब्द एकही कळणार नाही, पण वाक्य कुठे संपणार ते त्याला आधीच ठाऊक असेल.